फुगेवाल्याचं काम करणारे गेऑर्ग योन

'एम'चा विषय निघाला की पीटर लॉरेचे भेदरलेले डोळे आणि फ्रिट्झ लांगचं दिग्दर्शन यांवर भरभरून बोललं जातं. पण 1931च्या या चित्रपटात लहान मुलींच्या खुन्याला ओळखतो तो एक आंधळा फुगेवाला, निव्वळ शिट्टीवरून. ते काम करणाऱ्या गेऑर्ग योन यांचं नाव कुणाच्या तोंडी नसतं. मला हे फार लागतं.

त्यातला एक प्रसंग पुन्हा पाहा. दांडा फिरवून वाजवायची बेसूर पेटी सहन होईना, म्हणून फुगेवाला दोन्ही कान झाकून घेतो. त्यासरशी पडद्यावरचा आवाजच बंद! हात काढले की पुन्हा सुरू. बोलपट अजून नवा होता, आणि लांगनं ध्वनीचा हा प्रयोग सोपवला तो योन यांच्यावर. त्यांची नजर मेलेली, पण सगळा चेहरा ऐकतो आहे. पुढे गुन्हेगारांनी भरवलेल्या खटल्यात हाच फुगेवाला खुन्याच्या खांद्यावर मागून हात ठेवतो आणि खुनी झालेल्या लॉरेची बोबडी वळते.

योन यांचा जन्म 1879चा, पोझेन प्रांतातल्या श्मीगेल गावचा. मूळ आडनाव याकोबसोन. लांगच्या 'निबेलुंगेन'मध्ये त्यांनी लोहार मीमे, बुटक्यांचा राजा आल्बेरिश आणि हूणांचा ब्लाओडेल अशी तीन सोंगं वठवली. 'मेट्रोपोलिस'मध्ये ते यंत्रावरचे कामगार होते. या पटकथा थेआ फॉन हार्बो यांच्या. 

माझं सर्वांत आवडतं काम मात्र दिग्दर्शक मुर्नाऊच्या 'द लास्ट लाफ'मधलं, 1924चं. हुद्दा गेलेला म्हातारा दरवान चोरलेला गणवेश परत ठेवायला रात्री हॉटेलात शिरतो. रखवालदार योन कंदिलाच्या उजेडात त्याला पकडतात, ओळखतात, आणि खचलेल्या त्या जिवावर स्वतःचा कोट पांघरतात. दरवान झालेल्या एमिल यानिंग्जसारख्या बड्या नटासमोर किती थोडक्यात केलंय हे! आख्ख्या चित्रपटातली माणुसकी त्या दोन हातांत आहे.

1933मध्ये नाझी आले. लांग आणि लॉरे देशाबाहेर पडले. ज्यू असलेल्या योन यांना सिनेमाची दारं बंद झाली. ज्यू कलावंतांपुरत्या ठेवलेल्या 'कुल्टुरबुंड'च्या रंगमंचावर ते कामं करत राहिले. मग त्यांना पोलंडमधल्या लोड्झच्या घेट्टोत धाडण्यात आलं. नोव्हेंबर 1941मध्ये ते तिथेच वारले.

आपल्या फिल्म सोसायट्यांमध्ये 'एम'चे खेळ होतात. प्रास्ताविक करणाऱ्यांनी लांग आणि लॉरे यांच्याबरोबर गेऑर्ग योन हे नावही घ्यावं, आणि त्यांचा शेवट कुठे व कसा झाला, तेही प्रेक्षकांना सांगावं.