निकाल लागला, पुढें काय?

दिवाणी दाव्याचा निकाल विरुद्ध लागला म्हणजे आपल्याकडील मनुष्य दोहोंपैकीं एक गोष्ट करतो. एक तर नशिबास बोल लावून घरीं बसतो, नाहीं तर 'वर जाऊं' म्हणून वाट फुटेल तिकडे धांवतो. ह्या दोन्ही गोष्टी सारख्याच घातक आहेत. रोग एक आणि औषध भलतेंच, अशी स्थिति झाली म्हणजे बाजू खरी असूनही पक्षकार बुडतो.

१९०८ च्या दिवाणी प्रक्रिया संहितेनें प्रत्येक तक्रारीस निराळी वाट आंखून दिली आहे. दाव्याचा कायमचा निर्णय होऊन हुकूमनामा झाला, तर कलम ९६ प्रमाणें अपील. मधले हुकूम असतील, तर मनाईहुकुमासारख्या ज्यांचा कायद्यांत उल्लेख आहे तेवढ्यांवरच अपील, इतरांवर नाहीं. निकालांत उघड चूक दिसत असेल, किंवा मेहनत करूनही पूर्वीं न सांपडलेला महत्त्वाचा पुरावा आतां हातीं आला असेल, तर त्याच न्यायालयापुढें पुनर्विचाराचा अर्ज. आंकड्याची किंवा लेखणीची नुसती चूक असेल, तर कलम १५२ चा साधा अर्ज पुरे. तेवढ्यासाठीं अपिलाचा खर्च कशाला? आणि उभयतांच्या संमतीनें झालेल्या हुकूमनाम्यावर तर अपीलच चालत नाहीं.

एका व्यापाऱ्याचें उदाहरण घेऊं. समजा, उधारीच्या दाव्याचें समन्स त्यास पोंचलेंच नाहीं व एकतर्फी हुकूमनामा झाला. 'माझें कोणीं ऐकलेंच नाहीं' हें त्याचें गाऱ्हाणें आहे. तेव्हां हुकूमनामा कळल्यापासून ३० दिवसांत त्याच न्यायालयांत तो रद्द करण्याचा अर्ज त्यानें करावा. तसें न करितां त्यानें अपील केलें व तें फेटाळलें गेलें, तर ह्या अर्जाचें दार बंद होतें. शिवाय, नुसतें अपील दाखल केल्यानें वसुली थांबत नाहीं; स्थगिती निराळी मागावी लागते. मुदतही सर्वत्र सारखी नाहीं. सामान्यतः जिल्हा न्यायालयांतील अपिलास ३० दिवस, उच्च न्यायालयांतील अपिलास ९० दिवस, आणि व्यापारी न्यायालयांच्या २०१५ च्या कायद्याखालीं ६० दिवस.

कोणी म्हणतील, हें पाहणें वकिलाचें काम. खरें, पण चुकीचा दंड भरतो तो पक्षकार. १९७६ च्या दुरुस्तीनें न्यायालयावर असें बंधन घातलें कीं, अपिलास पात्र असा निकाल देतांना अपील कोठें व किती मुदतींत करावें, हें हजर पक्षकारांस सांगावें. मात्र उभय पक्षांस वकील असल्यास हें बंधन लागू नाहीं. हा अपवाद आम्हांस अनाठायीं वाटतो. वकील दिला म्हणून आपली वाट स्वतः जाणण्याचा पक्षकाराचा हक्क संपतो काय ? अपील कोठें, कशावर व किती दिवसांत, ह्या तीन ओळी प्रत्येक निकालाच्या शेवटीं पक्षकाराच्या भाषेंत लिहिल्या जाव्यात, अशी आमची सूचना आहे.

तोंपर्यंत आमच्या वाचकांनीं एवढें करावें. निकालाच्या दिवशींच नकलेचा अर्ज द्यावा, आणि वकिलास तीन प्रश्न विचारावे : हा हुकूमनामा कीं नुसता हुकूम ? माझी तक्रार निकालाविषयीं कीं सुनावणीविषयीं ? आणि मुदत कोणत्या तारखेस संपते ? उशीर माफ करणें न्यायालयाच्या मर्जीवर आहे. वेळेवर जाणें आपल्या हातीं आहे.