हिमोग्लोबिन पाहिले, पण लोह पाहिले का?

उसाला खत टाकण्यापूर्वी माती परीक्षण करावे, हे आता निपाणी-चिकोडी भागातील शेतकऱ्याला कोणी शिकवावे लागत नाही. पान हिरवे दिसते म्हणून जमिनीत सारे काही आहे, असे तो मानीत नाही. पण हाच शहाणा माणूस घरच्या बाईविषयी विचारले की म्हणतो, "तिचे रक्त दहा आहे, चाललेय की." म्हैस दुधाला कमी पडली तर त्याच दिवशी डॉक्टर येतो. बाई धापा टाकीत डोक्यावरून वैरण आणते, तेव्हा मात्र "वय झाले" एवढ्यावर भागते.

पहिली गोष्ट म्हणजे दहा हे ठीक नव्हे. स्त्रीचे हिमोग्लोबिन निदान १२, पुरुषाचे १३ आणि गरोदर बाईचे ११ च्या आसपास असावे लागते. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीत १५ ते ४९ वयाच्या स्त्रियांपैकी कर्नाटकात सुमारे ४८ टक्के आणि महाराष्ट्रात ५४ टक्के स्त्रियांचे रक्त कमी निघाले. म्हणजे सीमेच्या अलीकडे काय आणि पलीकडे काय, दर दोन बायांमागे जवळजवळ एक.

दुसरी गोष्ट अधिक महत्त्वाची, आणि आपल्या शिबिरांतून ती सांगितली जात नाही. बोटाला सुई टोचून जो आकडा मिळतो तो फक्त हिमोग्लोबिनचा. शरीरात लोह शिल्लक किती, हे त्यावरून कळत नाही. हिमोग्लोबिन म्हणजे दुरडीतील भाकरी, तर लोहाचा साठा म्हणजे कणगीतील जोंधळा. कणगी रिकामी होत आली तरी काही दिवस दुरडीत भाकरी दिसतच राहते. दुरडी रिकामी दिसू लागते तोवर कणगीने केव्हाच तळ गाठलेला असतो. ही कणगी पाहण्याची तपासणी म्हणजे सिरम फेरिटिन.

फेरिटिन १५ च्या खाली गेले की साठा संपला, असे जागतिक आरोग्य संघटना निरोगी प्रौढांबाबत मानते. पुष्कळ डॉक्टर ३० च्या खाली असतानाच सावध होतात, आणि माझ्या मते तेच योग्य. पुष्कळदा रिपोर्टावर "नॉर्मल" म्हणून छापलेला पट्टा इतका खाली सुरू होतो की १२ फेरिटिन असलेली बाईही त्यात बसते. छापील शब्दावर समाधान मानू नये, आकडा विचारावा.

यात एक खोच आहे. ताप, जंतुसंसर्ग, सांध्यांची सूज असली की फेरिटिन खोटेच वर चढते. म्हणून आजारपणात ही तपासणी करू नये, किंवा डॉक्टरांना तसे सांगावे. अशा वेळी ट्रान्सफेरिन सॅच्युरेशन उपयोगी पडते. ट्रान्सफेरिन ही लोह वाहून नेणारी गाडी. शंभरांपैकी वीसहून कमी गाड्या भरलेल्या असतील, तर माल कमी आहे असे समजावे. नुसत्या सिरम आयर्नवर मात्र विसंबू नये. तो आकडा सकाळ-संध्याकाळ बदलतो, गोळी घेतली की उडी मारतो.

हे सारे मोठ्या शहरातील चोचले आहेत, असे कोणी म्हणू नये. आपल्या बेळगावच्या जवाहरलाल नेहरू मेडिकल कॉलेजने अमेरिकेतील थॉमस जेफरसन विद्यापीठाबरोबर २०२१ पासून कर्नाटक व राजस्थानातील ४,३२० गरोदर स्त्रियांवर मोठा अभ्यास केला. तोंडाने घेण्याच्या गोळ्या बऱ्या की शिरेतून एकदाच दिलेले लोह, हा प्रश्न होता. त्या स्त्रिया निवडताना डॉक्टर हिमोग्लोबिनवर थांबले नाहीत, लोहाचीही तपासणी केली. कारण रक्त कमी असण्याचे कारण दर वेळी लोहच असते असे नाही. कोणाला बी-१२ कमी असते, कोणाला जन्मापासून थॅलेसेमियाचा सौम्य दोष असतो. फेरिटिन भरपूर आणि हिमोग्लोबिन कमी, अशा माणसाला महिनोन्महिने लोहाच्या गोळ्या चारून काय उपयोग?

पुरुषांनीही हे बायकांचे दुखणे समजू नये. पुरुषाचे, किंवा पाळी गेलेल्या बाईचे, लोह कमी निघाले तर रक्त कुठून तरी जात आहे असे धरून शोध घ्यावा. मूळव्याध असेल, पोटात व्रण किंवा गाठ असेल, किंवा अनवाणी पाय चिखलात घालून हुकवर्म शिरले असतील. तेथे केवळ टॉनिक पिणे म्हणजे फुटक्या पाटात पाणी सोडणे.

गूळ-शेंगदाणे खा, असा सल्ला सर्रास दिला जातो. खावेत, पण रिकामी कणगी त्याने भरत नाही. आपल्या घरांतून बाई सर्वांत शेवटी जेवते आणि मटणाच्या हंडीत तिच्यासाठी रस्साच उरतो, हे जोवर बदलत नाही तोवर आहाराची व्याख्याने फुकट. उपवासकाळातही आजारी किंवा गरोदर बाईने स्वतःवर जुलूम करावा अशी ख्रिस्तसभेची अपेक्षा नाही. शंका असल्यास फादरना विचारावे. मार्काच्या शुभवर्तमानातील बारा वर्षे रक्तस्राव सोसणारी स्त्री गर्दीत मागून, लपत आली. आपल्याही कितीतरी भगिनी पाळीतील जादा रक्तस्राव असाच लपवतात. सिस्टर किंवा आशाताईंपाशी तरी तो बोलावा.

गोळी चहाबरोबर घेऊ नये, मागेपुढे तासभर चहा टाळावा. लिंबू किंवा आवळा सोबत चालेल. कॅल्शियमची गोळी वेगळ्या वेळी घ्यावी. शौचास काळे होते, त्याला भिऊ नये. हिमोग्लोबिन १२ झाले की बहुतेक जणी गोळ्या बंद करतात, आणि पुढच्या सुगीपर्यंत पुन्हा दहावर येतात. त्यानंतरही साधारण तीन महिने, डॉक्टर सांगतील तोवर, गोळ्या चालू ठेवाव्यात आणि थांबण्यापूर्वी फेरिटिन पुन्हा पाहून घ्यावे.