हुकमाचे ताबेदार

जबलपूरच्या सिव्हिल लाइन्समध्ये बदलीने येऊन राहिलेल्या आम्हां मराठी नोकरदारांच्या वाट्याला एक विचित्र वारसा आला आहे. कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला आमच्या या गावाचे नाव पाठ असते. पण ते भेडाघाटच्या संगमरवरामुळे नव्हे, की नर्मदामाईमुळेही नव्हे. ‘अतिरिक्त जिल्हा दंडाधिकारी, जबलपूर विरुद्ध शिवकांत शुक्ला’ या १९७६ सालच्या निकालामुळे ते पाठ असते, आणि तो निकाल सर्वोच्च न्यायालयाच्या इतिहासातील अत्यंत लाजिरवाण्या निकालांपैकी एक म्हणून शिकविला जातो. मध्यंतरी आमच्या मंडळींच्या एका बैठकीत हा विषय निघाला, तेव्हा एका वयोवृद्ध निवृत्त गृहस्थांनी चहाची कपबशी खाली ठेवून निर्णय दिला : “न्यायमूर्ती चुकले असतील, मंत्री चुकले असतील, आपण हुकमाचे ताबेदार. आपले काम फाइल वर पाठविण्याचे.” बहुतेकांनी माना डोलाविल्या. त्या गृहस्थांविषयी आम्हांस आदर आहे. तक्रार आहे ती या डोलणाऱ्या मानांविषयी.

प्रथम हकीकत सांगणे अवश्य आहे. २५ जून १९७५ रोजी आणीबाणी पुकारली गेली, आणि दोनच दिवसांनी राष्ट्रपतींच्या आदेशाने संविधानाच्या १४, २१ व २२ या अनुच्छेदांतील हक्कांसाठी न्यायालयात जाण्याची वाट बंद झाली. ‘मिसा’ कायद्याखाली स्थानबद्ध झालेल्या माणसांनी ठिकठिकाणच्या उच्च न्यायालयांत बंदी प्रत्यक्षीकरणाचे अर्ज केले. हे अर्ज ऐकूनच घेऊ नयेत, असे सरकारचे म्हणणे. नऊ उच्च न्यायालयांनी ते मानले नाही, आणि त्यांत जबलपूरचे उच्च न्यायालय होते. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत नागपूरहून येथे आलेल्या या न्यायपीठाने असे ठरविले की, स्थानबद्धतेचा आदेश कायद्याला धरून आहे की नाही, एवढे तरी पाहण्याचा अधिकार न्यायालयाजवळ उरतोच. म्हणजे गावाचे नाव बदनाम झाले ते अपिलात गेलेल्या अधिकाऱ्याच्या हुद्द्यामुळे; गावातील न्यायालयाचे पाऊल योग्यच पडले होते. ही गोष्ट येथील रहिवासीही विसरतात.

सर्वोच्च न्यायालयाने २८ एप्रिल १९७६ रोजी चार विरुद्ध एक अशा मतांनी सरकारचे म्हणणे उचलून धरले. सुनावणीच्या वेळी न्या. हंसराज खन्ना यांनी महान्यायवादी निरेन डे यांना विचारले होते की, एखाद्या पोलीस अधिकाऱ्याने वैयक्तिक वैरापोटी कुणाचा जीव घेतला, तर त्यावर इलाज काय? आणीबाणी चालू आहे तोवर काही नाही, अशा आशयाचे उत्तर मिळाले. ते ऐकूनही चौघांना ही भूमिका मान्य झाली. त्या चौघांतील न्या. बेग यांना तर शासन स्थानबद्धांची घेत असलेली काळजी जवळजवळ मातेसारखी वाटली. खन्ना एकटे विरुद्ध गेले. जानेवारी १९७७ मध्ये त्यांना डावलून त्यांच्याहून कनिष्ठ असलेल्या बेग यांना सरन्यायाधीश नेमण्यात आले, आणि खन्नांनी राजीनामा दिला.

या चौघांनी आधार घेतला तो इंग्लंडमधील एका खटल्याचा. महायुद्धाच्या काळात तेथील गृहमंत्र्याने लिव्हरसिज नावाच्या गृहस्थास स्थानबद्ध केले. १९४१ मध्ये उमराव सभेच्या पाच न्यायाधीशांपैकी चौघांनी सांगितले की, मंत्र्याला प्रामाणिकपणे तसे वाटले एवढे पुरे. लॉर्ड अॅटकिन एकटे म्हणाले की, पुरे नाही. कारण सबळ होते की नाही हे न्यायालय पाहील. लंडनवर बाँब पडून वर्षही उलटले नव्हते, तेव्हाचे हे मत आहे. पुढे १९७९ मध्ये त्याच सभेच्या न्यायाधीशांनी मान्य केले की, १९४१ च्या बहुमताची चूक झाली होती. आपण इंग्रजांकडून कज्जेदलालीची सारी सामग्री घेतली. अॅटकिन मात्र त्यांच्याकडेच ठेवून आलो.

आता आपल्या मराठीपणाकडे वळू. त्या चौघांत पुण्याचे न्या. यशवंतराव चंद्रचूड होते. पुढे ते सरन्यायाधीश झाले आणि त्या पदावर सर्वांत अधिक काळ राहिले, याचा उल्लेख आपल्या बैठकींत अभिमानाने होतो. २०१७ मध्ये त्यांचेच चिरंजीव न्या. धनंजय चंद्रचूड यांनी खासगीपणाच्या खटल्यात तो निकाल रद्द ठरविणारे मत लिहिले, हाही उल्लेख डोळ्यांत पाणी आणून होतो. पित्याची चूक पुत्राने निस्तरली, ही कथा गोड आहे खरी. परंतु मध्ये ४१ वर्षे गेली, आणि तुरुंगात गेलेले दिवस कोणत्याही पुत्राला परत देता येत नाहीत. त्याच काळात मराठी माणसाने दुसरेही काही केले होते. लोकसभेची मुदत वाढविली गेली तेव्हा ती वाढीव खासदारकी नाकारून मधु लिमये यांनी १९७६ मध्ये राजीनामा दिला. त्यांच्याबरोबर राजीनामा देणारे शरद यादव तर याच जबलपूरचे खासदार. दुर्गाबाई भागवतांनी १९७५ साली कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात अध्यक्षपदावरून आणीबाणीविरुद्ध आवाज उठविला आणि पुढे तुरुंगवास पत्करला. अभिमानाची यादी करावयाची तर ती पुरी करावी, असे आमचे म्हणणे आहे.

यावर कोणी म्हणेल, ती माणसे पुढारी आणि साहित्यिक. त्यांना सेवापुस्तक नव्हते, आम्हांस आहे. हा आक्षेप खोटा नाही. कारकुनाने राजीनामा फेकावा किंवा चौकात घोषणा द्याव्यात, असे आम्ही म्हणतच नाही. कोणी असेही म्हणेल की, ‘मिसा’ केव्हाच रद्द झाला, १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने २१ वा अनुच्छेद आणीबाणीतही स्थगित करता येत नाही, मग आता ही भीती कशाला? भीती अशासाठी की, १९८० चा राष्ट्रीय सुरक्षा कायदा आहे, आणि त्याखाली माणसाला खटल्यावाचून बारा महिन्यांपर्यंत स्थानबद्ध ठेवता येते. त्या माणसाला स्थानबद्धतेची कारणे सामान्यतः पाच दिवसांत कळवावी लागतात, आणि त्याच्या निवेदनाचा विचार विनाविलंब व्हावा लागतो. या निवेदनाच्या विचारास झालेल्या विलंबाचा खुलासा देता आला नाही म्हणून न्यायालयांनी आजवर किती तरी आदेश रद्द केले आहेत. हा विलंब सदैव मंत्र्याच्या मेजावर होतो काय? निवेदन आवक नोंदवहीत कधी चढले, टिपण कधी लिहिले गेले, मसुदा टंकलेखकाकडे किती दिवस पडला, या प्रश्नांची उत्तरे आपल्या हस्ताक्षरात असतात.

येथे आमचाच एक गुन्हा कबूल करतो. काही वर्षांपूर्वी एका कार्यालयात असताना, निलंबित झालेल्या एका शिपायाचा निर्वाह भत्त्याचा अर्ज आमच्या खणात नऊ दिवस पडून राहिला. आम्हांस दिवाळीसाठी नागपूरला जावयाचे होते. तो अर्ज अडवून ठेवा, असे आम्हांस कोणीही सांगितले नव्हते. परत आलो तेव्हा तो माणूस दाराशी उभा होता, आणि त्याने आम्हांस नमस्कार केला. त्या नऊ दिवसांत आम्ही कोणाच्या हुकमाचे ताबेदार होतो?

हुकमाची सबब लटकी आहे ती या कारणाने. ज्या गोष्टी आपल्या हाती असतात, त्या करावयाच्या नसल्या म्हणजे आपण वरच्या हुकमाकडे बोट दाखवितो. पोलिसांचा अहवाल बारा तारखेचा आणि आदेश अकरा तारखेचा असेल, तर टिपणात तसे लिहिण्यास कोणत्याही नियमाची आडकाठी नाही. वरिष्ठ ते मानोत वा न मानोत. कागदावर ते राहते, आणि उद्या एखादे न्यायालय तोच कागद मागविते.

पुढील बैठकीत आम्ही एक सूचना मांडणार आहोत. दर वर्षी २८ एप्रिलला आपण एकत्र जमावे, खन्नांच्या मताचा सारांश मराठीत वाचावा, आणि त्यानंतर प्रत्येकाने आपल्या मेजावर सर्वांत जुना कोणाचा अर्ज पडून आहे ते सांगावे. त्या वयोवृद्ध गृहस्थांनी अध्यक्षस्थान स्वीकारावे, अशी आमची त्यांना विनंती आहे. पहिला अर्ज आम्ही सांगू.