काजूतली सुरमई आणि आंब्याची कचुंबर

माशावर काजूचा थर आणि शेजारी पिकल्या आंब्याची कचुंबर, असं ताट दस्तरखानावर आलं की मोठी माणसं आधी विचारणार, "मासा फळाबरोबर कोण खातं?" पण भगिनींनो, आपल्या कोकणी घरांत कैरी घातलेलं माशाचं कालवण काही नवीन नाही. चिंच, कोकम, लिंबू यांची सोबत माशाला आपण नेहमीच देतो. इथे त्या आंबटाला थोडी गोडी येते, इतकंच.

हा पदार्थ हवाई बेटांवरचा. तिथे माही-माही माशाला मॅकाडेमिया या कवचाच्या फळाचा भरडा लावतात आणि आंबा, पपई किंवा अननसाचा 'साल्सा' देतात. साल्सा म्हणजे स्पॅनिशमध्ये सॉस. पण हा साल्सा पाहिला तर आपल्या कचुंबरीचाच भाऊ. १९९१ साली तिथल्या १२ शेफनी एकत्र येऊन बाहेरून आणलेल्या मालापेक्षा बेटांवरचे मासे, फळं आणि भाज्या यांना मान द्यायचं ठरवलं. आपणही तेच करू. महागडा मॅकाडेमिया शोधत बसू नका. आपल्याकडे काजू आहे, सुरमई आहे.

चौघांसाठी सुरमईचे काटा आणि कातडं काढलेले, बोटभर जाडीचे चार तुकडे घ्या. मीठ, मिरपूड आणि थोडा लिंबाचा रस लावून पंधरा मिनिटं ठेवा. मग स्वच्छ कपड्याने अगदी कोरडे टिपा. ही पायरी टाळू नका. तुकडा ओला राहिला तर वाफ धरते आणि थर तव्यावरच सुटतो.

बिनमिठाचे शंभर ग्रॅम काजू मिक्सरमध्ये थांबत थांबत फिरवा. भरड रव्यासारखे झाले की बस. जास्त फिरवले तर तेल सुटून गोळा होतो. त्यात दोन मोठे चमचे पावाचा चुरा आणि चिमूटभर लाल तिखट मिसळा. तुकड्याची फक्त वरची बाजू आधी मैद्यात, मग फेटलेल्या अंड्याच्या पांढऱ्यात आणि शेवटी काजूत दाबा. दहा मिनिटं फ्रीजमध्ये ठेवलं की थर घट्ट बसतो.

आता आच. काजूत भरपूर स्निग्धांश असल्याने तो पाहता पाहता करपतो आणि मासा आत कच्चा राहतो. म्हणून तव्यावर थोडं तेल घालून, मंद ते मध्यम आचेवर काजूची बाजू आधी खाली ठेवा. दोन मिनिटांत सोनेरी झाली की हलक्या हाताने उलटा आणि दुसऱ्या बाजूने चार-पाच मिनिटं होऊ द्या. झाकण नको, थर मऊ पडतो. सुरीच्या टोकाने पाहा: मासा पांढरा होऊन पापुद्रे सुटले की तयार.

कचुंबरीसाठी पिकलेला पण घट्ट आंबा घ्या. लिबलिबीत हापूसच्या फोडी होत नाहीत. आंब्याच्या बारीक फोडी, एक छोटा कांदा, एक हिरवी मिरची, कोथिंबीर, मीठ, लिंबू. मे संपला, आंबा गेला की अननस घ्या, मात्र तो माशावर आधी ओतून ठेवू नका. कबाबाच्या खिम्याला आपण कच्ची पपई का लावतो? ती मांस मऊ करते म्हणून. कच्च्या अननसाचा गुणही तोच. नाजूक मासा त्यात पडून राहिला तर त्याचा लगदा होतो. कचुंबर वेगळ्या वाटीत ठेवा, ताटात वाढतानाच शेजारी घाला.

आणि शेवटची गोष्ट, जी सर्वांत महत्त्वाची. मेहमानांना आग्रह करणं ही आपली रीत आहे. पण काजू-बदामाची ॲलर्जी असलेल्याला एक घासही जिवावर बेतू शकतो. ओठ सुजणं, अंगावर गांधी उठणं, घसा आवळणं, श्वास लागणं ही तिची लक्षणं. ती दिसली तर घरगुती उपाय करत न बसता तडक रुग्णालय गाठायचं. या पदार्थात काजू भरडलेला असतो, त्यामुळे तो डोळ्यांना ओळखू येत नाही. म्हणून वाढण्याआधी विचारा, "काजू चालतो ना?" कोणी नको म्हटलं तर "थोडंसं चाखून तर बघ" म्हणू नका. मुलांच्या डब्यात दिला तर त्यांनाही बजावून ठेवा. शाळेत डबे वाटून खाल्ले जातात हे आम्ही शिक्षक रोज पाहतो. ज्याला काजू चालत नाही, त्याचा तुकडा रवा लावून, वेगळ्या तव्यावर, वेगळ्या तेलात आणि काजूच्या तुकड्यांआधी तळा. कचुंबर मात्र सगळ्यांना तीच वाढा. दस्तरखानावर कोणी वेगळं पडायला नको.