खोटं रीडिंग आणि न उघडलेलं कवच

१४ जुलै २०२३, दुपारी २ वाजून ३५ मिनिटं. चांद्रयान-३ श्रीहरिकोट्याहून झेपावलं, ते आपल्यापैकी कितीतरी जणांनी मोबाइलवर लाइव्ह पाहिलं. साधारण सव्वातीन मिनिटांनी, ११५ किलोमीटर उंचीच्या आसपास, रॉकेटच्या टोकावरचं कवच दोन भागांत उघडून गळून पडलं. पुढच्या उत्साहात तो क्षण फारसा कुणाच्या लक्षात राहिला नाही. आज बोलायचंय ते याच कवचाबद्दल.

त्याला ‘पेलोड फेअरिंग’ म्हणतात, आपल्याकडे ‘हीट शील्ड’ हे नाव जास्त रुळलंय. उपग्रह बनवलेला असतो अवकाशासाठी, जिथे वारा नाही, पाऊस नाही. पण तिथे पोचायचं तर आधी हवेतून जावं लागतं, तेही आवाजापेक्षा कितीतरी जास्त वेगानं. हवेचा दाब आणि घर्षणाची उष्णता घडी घातलेल्या सौर पॅनेलना सोसणारी नसते. त्यात इंजिनांचा आवाज इतका प्रचंड, की नुसत्या हादऱ्यांनीच नाजूक भाग निकामी व्हावेत. म्हणून कवचाला आतून आवाज शोषणारं अस्तर असतं. उड्डाणाआधी आत स्वच्छ, कोरडी हवा खेळवतात. धूळ आणि दमटपणा दूर राहावा म्हणून. वर जाताना बाहेरचा दाब झपाट्यानं घटतो, तेव्हा आतली हवा निघून जायलाही वाट ठेवलेली असते.

हवा विरळ झाली की हेच कवच ओझं ठरतं. प्रत्येक जादा किलो म्हणजे कमी वेग. त्यामुळे ते ठरलेल्या क्षणी सुटायलाच हवं. या कामाला रीटेक नाही.

३१ ऑगस्ट २०१७ला हेच घडलं नाही. पीएसएलव्ही-सी३९ वर आयआरएनएसएस-१एच हा १,४२५ किलोचा दिशादर्शक उपग्रह होता. हीट शील्ड वेगळं झालंच नाही. उपग्रह रॉकेटपासून सुटला, पण कवचाच्या आतच अडकून राहिला. इस्रोनं त्याच संध्याकाळी मोहीम फसल्याचं जाहीर सांगितलं, चौकशी केली, दुरुस्ती केली. १२ जानेवारी २०१८ला पीएसएलव्ही पुन्हा यशस्वीपणे उडालं आणि त्याच एप्रिलमध्ये बदली उपग्रह कक्षेत पोचलाही. अपयश होतं, पण प्रामाणिक होतं. म्हणूनच ते सुधारता आलं.

आता दुसरी गोष्ट, अमेरिकेतली. २४ फेब्रुवारी २००९ला नासाचा ‘ऑर्बिटिंग कार्बन ऑब्झर्व्हेटरी’ हा उपग्रह टॉरस एक्सएल रॉकेटवरून निघाला. हवेतला कार्बन डायऑक्साइड मोजणं हे त्याचं काम. कवच सुटलं नाही, रॉकेटला पुरेसा वेग मिळाला नाही, उपग्रह समुद्रात पडला. नासानं तपास केला, बदल केले. ४ मार्च २०११ला त्याच प्रकारच्या रॉकेटवरून ‘ग्लोरी’ निघाला. पुन्हा तेच! कवच जागच्या जागी, उपग्रह समुद्रात.

खरं कारण नासानं जाहीर केलं २०१९ मध्ये. कवचाच्या जोडात अ‍ॅल्युमिनियमचा एक भाग असतो. आतल्या छोट्या स्फोटानं तो नेमक्या रेषेत तुटावा, अशी रचना असते. तो पूर्ण तुटलाच नाही. कारण धातू ठरलेल्या दर्जाचा नव्हता आणि पुरवठादार कंपनीतल्या लोकांनी चाचण्यांचे आकडे बदलून ‘पास’ची सर्टिफिकेटं दिली होती. एकदा-दोनदा नाही, तब्बल १९ वर्षं, शेकडो ग्राहकांना. नासाचं नुकसान ७० कोटी डॉलरहून जास्त. तिथल्या प्रयोगशाळेच्या सुपरवायझरला तुरुंगवास झाला. पण कार्बन मोजणारा बदली उपग्रह वर जायला जुलै २०१४ उजाडला. मधल्या पाच वर्षांची ती मोजमापं आता कुठूनही मिळणार नाहीत.

आणि बदललेले आकडे होते कसले? टेन्साइल टेस्टचे. मेकॅनिकल-सिव्हिलवाल्यांनो, ओळखीचं वाटतंय ना? यूटीएमवर सळई ओढून तोडायची आणि रीडिंग लिहायचं, तीच ही चाचणी. आता खरं सांगा, तुमच्या जर्नलमधलं रीडिंग तुम्ही स्वतः घेतलेलं आहे, की सीनिअरच्या जर्नलमधून उतरवून दोन-चार आकडे इकडेतिकडे केलेत?

इथे उपदेशाचा डोस द्यायचा नाही. एका मशीनभोवती वीस जण असतात, मशीन निम्मा वेळ बंद असतं आणि ग्राफ वाकडा आला की ‘सर सही देत नाहीत’. मग पोरं ग्राफ आधी काढतात आणि रीडिंग त्यातून उलटं शोधतात! दोष एकट्या विद्यार्थ्यांचा नाही. चुकलेलं पण खरं रीडिंग लिहिणाऱ्याला मार्क मिळायला हवेत, ‘का चुकलं असेल?’ हा प्रश्न व्हायवात विचारला जायला हवा. ही जबाबदारी कॉलेजांचीच.

पण पेन आपल्या हातात असतं. त्या लॅबमधल्या माणसांनाही ‘एवढ्यानं काय होतंय’ असंच वाटलं असेल. आपण तपासलेली धातूची पट्टी उद्या कुठे बसणार आहे, हे तपासताना कुणालाच माहीत नसतं. पुलात, बसमध्ये, नाहीतर रॉकेटच्या टोकावर.

सबमिशनचा आठवडा जवळ आलाय. या वेळी निदान एका प्रयोगाचं रीडिंग जसं आलं तसंच लिहा. ग्राफ वाकडा आला तर येऊ दे. का वाकडा आला, ते खाली लिहा आणि सरांशी त्यावर बिनधास्त वाद घाला.