अठरा वर्षें आणि डोक्यावरचें छप्पर

कुंडलिकेच्या कांठच्या अष्टमींतून शिक्षणासाठीं किंवा पोटासाठीं पनवेल-मुंबईची वाट धरणें आमच्या बहुजन समाजाच्या मुलांस नवें नाहीं. परंतु आईबापांशीं न पटल्यामुळें सोळा-सतरा वर्षांचें मूल वेगळें राहूं म्हणेल, तर कायदा त्यास काय सांगतो, हें घरोघर ठाऊक असणें अगत्याचें आहे.

१८७५ च्या कायद्यानें अठरा वर्षें पुरीं झाल्यावर माणूस सज्ञान होतो. त्यापूर्वीं कोर्टाकडून स्वतंत्र ठरवून घेण्याची सोय अमेरिकेच्या कित्येक राज्यांत आहे. तशी आपल्याकडे नाहीं. अज्ञानाचा करार टिकत नाहीं, म्हणून खोलीचा भाडेकरारही त्याच्या सहीनें होत नाहीं. धाटावसारख्या ठिकाणीं रासायनिक कारखान्यांत धोक्याच्या कामावर अशा मुलास लावणें २०१६ च्या दुरुस्तीप्रमाणें गुन्हा आहे.

मात्र घरांत मारहाण होत असेल, किंवा सतराव्या वर्षीं मुलीस बोहल्यावर उभी करीत असतील, तर तिनें मुकाट्यानें सोसावें असें नाहीं. २०१५ च्या बाल न्याय कायद्यानें अशा मुलांसाठीं जिल्ह्याजिल्ह्यांत बालकल्याण समिती नेमावयाची आहे. १०९८ या क्रमांकावर फुकट टेलिफोन करतां येतो. १९५६ च्या हिंदु पालकत्वाच्या कायद्यानेंही मुलाचें हितच श्रेष्ठ मानलें आहे. आईबाप पालक आहेत, मालक नव्हेत!

अठरा पुरीं झालीं कीं कोठें राहावें हें ज्याचें त्यानें ठरवावें. सज्ञान मुलीची निवड बापास काय, कोर्टासही डावलतां येत नाहीं, असें सुप्रीम कोर्टानें २०१८ सालीं शफीन जहान खटल्यांत ठरविलें.

पण अधिकार मिळाला, छपराचें काय? शाळेपायीं १८४९ सालीं जोतीराव-सावित्रीबाईंसही बापाचें घर सोडावें लागलें होतें. पुढें १९०१ सालीं शाहू महाराजांनीं कोल्हापुरास मराठा बोर्डिंग काढलें, १९२४ सालीं भाऊराव पाटलांनीं साताऱ्यास सर्व जातींच्या मुलांचें. म्हणूनच रयतेचीं पोरें घराबाहेर राहून शिकलीं. आज बालगृहांत वाढलेल्या मुलास अठरानंतर एकविसाव्या वर्षापर्यंत आधार देण्याची कायद्यांत तरतूद आहे. शिकण्याच्या हट्टापायीं घराबाहेर काढलेल्या मुलीस ती लागू नाहीं. येथेंच कायदा लंगडा पडतो.

आमची सरकारास मागणी आहे कीं, प्रत्येक तालुक्याच्या गांवीं अठरा ते एकवीस वयाच्या अशा मुलामुलींसाठीं, जात न विचारतां, वसतिगृह काढावें. रोहा-अष्टमी नगरपरिषदेनें जागा देऊन आरंभ करावा. पैसा नाहीं म्हणणाऱ्यांनीं एवढेंच आठवावें कीं, बोर्डिंगांतील मुलांच्या अन्नासाठीं लक्ष्मीबाई पाटलांनीं आपलें मंगळसूत्र मोडलें होतें.