काच काढल्यावर काळी पडलेली पट्टी

काही वर्षांपूर्वी मी चाचांच्या किराणा दुकानासाठी उधारीच्या हिशेबाचा एक छोटा प्रोग्राम लिहिला. माझ्या लॅपटॉपवर विंडोज ७ होते आणि त्यातल्या ‘एअरो’ची काचेसारखी सजावट मला फार आवडायची. म्हणून विंडोच्या वरची टायटल बारची पट्टी मी स्वतः घडवली. ती रुंद केली, काचेची ठेवली आणि तिच्यावर दुकानाचे नाव लिहिले. घरात सगळ्यांनी वाहवा केली.

आठवडाभर ठीक चालले. मग एका रात्री चाचांचा फोन आला. “बेटा, वर नुसता काळा पट्टा दिसतोय. नाव गेलं, बंद करायची फुलीही गेली. मी दोन दिवस थेट बटण दाबूनच कॉम्प्युटर बंद करतोय. माझ्याकडून काही बिघडलं का?”

चाचांकडून काहीच बिघडले नव्हते. कॉम्प्युटर जुना, हळू चालायचा. दुरुस्तीवाल्याने सेटिंगमध्ये जाऊन सगळी सजावट बंद केली होती, आणि ते योग्यच होते. चूक माझी होती. माझा प्रोग्राम नोंदी जतन करायचा तो फुली दाबल्यावर. दोन दिवसांची उधारी त्यामुळे बुडाली.

असे का झाले? २००७ मध्ये आलेल्या व्हिस्टापासून सगळ्या विंडो एकत्र जोडून पडद्यावर मांडण्याचे काम डेस्कटॉप विंडो मॅनेजर करू लागला. काच त्याची. ती पट्टीत आत ओढून घ्यायची, तर प्रोग्रामने ती जागा काळ्या रंगाने भरायची. त्या काळ्यात अपारदर्शकतेचा आकडा शून्य असतो, म्हणून मॅनेजर तिथे काच दाखवतो. पण हा मॅनेजर बंद केला की काळे ते काळेच. त्यावर माझी अक्षरेही काळी! मूळची चौकट मी काढून टाकली होती, त्यामुळे काच असताना बटणे मॅनेजर काढायचा. तो गेल्यावर ती काढायला कोणीच उरले नाही.

ही अडचण न सुटणारी होती का? मुळीच नाही. सजावट चालू आहे की बंद, हे विंडोजला विचारता येते. ती मध्येच बदलली तर विंडोज प्रत्येक विंडोला तसा निरोप पाठवते. बंद असेल तर पट्टीचा आणि अक्षरांचा रंग वापरणाऱ्याच्या थीममधून घ्यायचा, तिन्ही बटणे आपण काढायची, समोरची विंडो आणि मागची विंडो यांत फरक दाखवायचा. एवढे करायचा कंटाळा असेल तर सोपा मार्गही आहे: आपली कलाकुसर बाजूला ठेवावी आणि विंडोजची साधी चौकट परत द्यावी. साधी चौकट दिल्याने कोणाचे काही अडत नाही.

माझे काही मित्र म्हणतात, “सजावट बंद ठेवणारे असे किती? त्यांच्यासाठी दुप्पट मेहनत कशाला?” मला हा हिशेबच पटत नाही. ही माणसे कोण आहेत ते पाहा. जुन्या मशीनवर दुकान चालवणारे. स्वस्त नेटबुकवर येणारी विंडोज ७ ची स्टार्टर आवृत्ती वापरणारे; तिच्यात ही काच नव्हतीच. नजर अधू झाल्याने ठळक रंगांची हाय कॉन्ट्रास्ट थीम लावणारे. ती लावली की काच जातेच. ज्यांना फुली स्पष्ट दिसण्याची सर्वांत जास्त गरज, नेमक्या त्यांच्याच पडद्यावरून आपण ती पुसतो.

कोणी म्हणेल, ही तर जुनी गोष्ट झाली. खरे आहे, २०१२ च्या विंडोज ८ पासून तो मॅनेजर बंद करताच येत नाही. पण विंडोज १० आणि ११ मध्ये पारदर्शकता बंद करायची सोय आहे, आणि बॅटरी वाचवण्याच्या स्थितीतही ती बंद होते. तिथे मायक्रोसॉफ्टच्या ‘अ‍ॅक्रिलिक’ पृष्ठभागाला पर्यायी साधा रंग नेमून देता येतो. तो रंग अक्षरांना शोभेल असा निवडायचे काम मात्र प्रोग्राम लिहिणाऱ्याचेच. तो पर्याय उघडून किती जण बघतात?

मी आता उलट्या क्रमाने काम करतो. आधी सगळी सजावट बंद करून पट्टी काढतो. नाव वाचता आले, फुली सापडली, की मगच काचेकडे वळतो. चाचांचा प्रोग्रामही तसाच दुरुस्त करून दिला, आणि आता प्रत्येक नोंद लिहिताक्षणी जतन होते.

बुडालेली उधारी चाचांनी आठवून आठवून पुन्हा लिहिली. ती रक्कम मी आज विसरलो आहे. विसरलो नाही तो त्यांचा प्रश्न, “माझ्याकडून काही बिघडलं का?” आपल्या आळसाचा दोष वापरणाऱ्याने स्वतःच्या माथी घ्यावा, असा प्रोग्राम कोणी लिहू नये.